तंजावरचे कथेकरी

मोटारींच्या शर्यतीचे धावते वर्णन करणे हा मोठा विलक्षण व्यवसाय आहे. मद्रासेत १९५३ साली मोटार शर्यतींचा क्लब स्थापन झाला. पुढे शहराच्या उत्तरेस शोलावरम येथील युद्धकाळातील विमानांच्या धावपट्टीवर शर्यती भरू लागल्या आणि १९९० मध्ये इरुंगाट्टुकोट्टै येथे त्यांच्यासाठी खास मार्ग तयार झाला. तेथे ध्वनिक्षेपकाजवळ बसणाऱ्या वक्त्याची अडचण अशी, की गाडी डोळ्यांसमोरून क्षणात निघून जाते आणि पुन्हा दिसेपर्यंतचा काळ त्याला केवळ वाणीने भरून काढावा लागतो. त्याचा एक जोडीदार खाली, गाड्या चाके बदलण्यासाठी थांबतात त्या आवारात, कामगारांमध्ये उभा असतो. वरच्या वक्त्याचा धागा सैल पडला की हा तो उचलतो. दोघांचेही भांडवल एकच, ते म्हणजे आवाज. ज्यांना घटना दिसत नाही त्यांना ती दाखवावयाची, आणि या एका कौशल्यावर संसार चालवावयाचा.

हा व्यवसाय यंत्रयुगाने जन्माला घातला असे सहज वाटते. परंतु शोलावरमपासून दक्षिणेस, कावेरीच्या सुपीक मुलखात, उभ्या माणसाने केवळ वाणीच्या बळावर हजारोंना रात्रभर खिळवून ठेवावे आणि त्यावर आपला चरितार्थ चालवावा, ही गोष्ट मोटार जन्मास येण्यापूर्वीच रूढ झाली होती. ती तेथे नेली मराठी कीर्तनाने. रथांची शर्यतही त्यात होतीच. श्रीकृष्ण रुक्मिणीला रथात घेऊन निघाला आहे, रुक्मी पाठलागावर आहे, घोड्यांच्या टापांची धूळ उडते आहे, असा प्रसंग आला म्हणजे मराठी कीर्तनकार साधे पद सोडून कटाव धरी. औरंगाबादच्या अमृतरायाने अठराव्या शतकात नावारूपाला आणलेली ही रचना श्वास घ्यावयास उसंत देत नाही. शब्दामागून शब्द धावतात आणि श्रोता आपोआप पुढे झुकतो. वेगाचे वर्णन वेगानेच केले पाहिजे, हे मर्म त्या लोकांना पक्के ठाऊक होते.

शिवछत्रपतींचे सावत्र बंधू व्यंकोजीराजे यांनी १६७५ च्या सुमारास तंजावर घेतले, आणि तेथपासून १८५५ पर्यंत त्या नगरावर भोसल्यांचा अंमल राहिला. राजाबरोबर फौज गेली, कारकून गेले, तसे रामदासी संप्रदायाचे लोकही गेले. तंजावरात समर्थशिष्य भीमस्वामींचा मठ झाला, मन्नारगुडीकडे अनंतमौनींची परंपरा रुजली, आणि त्याच परंपरेतल्या मेरुस्वामींनी 'रामसोहळा' हा ग्रंथ लिहिला. मठ म्हटला की कीर्तन आलेच. परंतु मठातील कीर्तन हा धर्म होता, व्यवसाय नव्हे. कीर्तनकाराला शिधा मिळे, वस्त्र मिळे, क्वचित राजाकडून जमीन मिळे. आवाजाला ठरावीक मोल अद्याप आले नव्हते.

या दरबाराला विद्येची हौस किती होती हे सांगावयास नकोच. शाहजीराजांनी सतराव्या शतकाच्या अखेरीस मराठीत नाटके रचली. पुढे दुसऱ्या सरफोजीराजांनी सरस्वती महालाचा ग्रंथसंग्रह वाढविला आणि देवनागरी खिळ्यांचा छापखाना घातला. त्या छापखान्यातून १८०६ मध्ये इसापच्या गोष्टींचे 'बालबोधमुक्तावली' हे मराठी पुस्तक बाहेर पडले. त्या वेळी पुण्यात मराठी छापखाना नव्हता, ही गोष्ट पुणेकरांनीही ध्यानात ठेवण्यासारखी आहे. याच राजांनी १८०३ मध्ये बृहदीश्वराच्या मंदिराच्या भिंतीवर आपल्या कुलाचा सारा इतिहास मराठीत कोरवून घेतला. लेख एवढा प्रदीर्घ आहे की वाचणारा भिंतीच्या कडेने चालता चालता थकतो. ज्याचे राज्य १७९९ च्या तहाने बहुतेक संपुष्टात आले होते, ज्याची सत्ता किल्ल्याच्या भिंतींपुरती उरली होती, त्या राजाला आपली हकीगत दगडावर लिहून ठेवावीशी वाटली, यात नवल नाही. हातातून गेलेले मनुष्य अक्षरांत धरून ठेवू पाहतो.

दगडावरील त्या हकिगतीहून वेगळे भाग्य कीर्तनाच्या वाट्याला आले. तंजावरच्या मराठी परंपरेतील अनंतपद्मनाभ गोस्वामी हे आपल्या मधुर कंठामुळे 'कोकिलकंठ मेरुस्वामी' म्हणून ओळखले जात. 'रामसोहळा'कार मेरुस्वामींहून हे निराळे. ते त्रावणकोरच्या दरबारी गेले आणि तेथील स्वाती तिरुनाळ महाराज (राज्यकाल १८२९ ते १८४६) त्यांच्या कथांनी इतके मोहून गेले, की राजाने स्वतः कुचेलोपाख्यान आणि अजामिलोपाख्यान ही कथानके संस्कृतात रचली. कीर्तनाने भाषेची वेस ओलांडल्याचे हे ठळक उदाहरण होय. चाल मराठी कीर्तनाची, शब्द संस्कृत आणि श्रोते मलयाळी. तरीही आश्रय राजाचाच होता, हे विसरता येत नाही.

तो आश्रय १८५५ मध्ये तुटला. त्या वर्षी शिवाजीराजे पुत्राविना वारले आणि कंपनी सरकारने गादी खालसा केली. पावणेदोनशे वर्षे दरबाराच्या सावलीत वाढलेल्या मराठी समाजापुढे उपजीविकेचा प्रश्न उभा राहिला. ज्याला इंग्रजी येत होते त्याला एक वाट मोकळी होती. कुंभकोणमला १८२८ मध्ये जन्मलेले टी. माधवराव त्या वाटेने जाऊन त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा अशा तीन संस्थानांचे दिवाण झाले, आणि तंजावरच्या मराठी घरांत पुढे दोन पिढ्या मुलांना त्यांचाच दाखला दिला गेला असेल तर तो योग्यच होता. परंतु ज्याच्याजवळ लेखणी नव्हती, गळा होता, त्याने काय करावे? सरकारी कचेरीत गळ्याला जागा नसते.

या प्रश्नाचे उत्तर ज्या चातुर्मासात मिळाले तो १८६४ चा. त्या वर्षी ग्वाल्हेरकडून रामचंद्रबुवा मोरगावकर तंजावरास आले आणि चार महिने राहिले. गादी जाऊन नऊ वर्षे झाली होती. राजवाड्यात राण्या होत्या, पण राज्य नव्हते. बुवांची कीर्तने रात्रीमागून रात्री होऊ लागली. ती ऐकणाऱ्यांत एक तरुण होता. पुढे तंजावर कृष्ण भागवतर या नावाने ज्याची कीर्ती दक्षिणभर झाली, तोच हा.

त्या तरुणाने काय पाहिले असेल, याचा अदमास करता येतो. तमिळ देशात कथा सांगणारे पूर्वीही होते. पौराणिक पोथी पुढे ठेवून बसत, श्लोक वाचत, अर्थ सांगत. ऐकणाराही आदराने बसे, आणि आदराबरोबर थोडी पेंगही येई. मराठी बुवा मात्र नारदाच्या गादीवर उभे होते. डोक्यास पागोटे, हाती चिपळ्या. आरंभी नमन, मग एका पदावर निरूपण, आणि त्यानंतर ते निरूपण ज्यात मूर्त झाले आहे असे आख्यान. आख्यानात साकी आली की कथा पुढे सरके, दिंडी आली की करुणा दाटे, ओवी आली की चाल घरगुती होई. प्रत्येक वृत्ताला स्वतःचे काम नेमून दिलेले होते. केव्हा बोलावयाचे, केव्हा गावयाचे, केव्हा विनोद करून दमलेल्या श्रोत्याला जागे करावयाचे, याचा सारा हिशेब त्या एका उभ्या माणसाच्या हाती होता.

कृष्ण भागवतरांनी हा हिशेब उचलला आणि त्यात कर्नाटक संगीत ओतले. आरंभीची पंचपदी ठेवली, साकी, दिंडी, ओवी, अभंग, अंजनीगीत ही वृत्ते नावांसकट ठेवली, चिपळ्याही ठेवल्या. मात्र कथेची भाषा तमिळ केली आणि मधूनमधून संस्कृत, तेलुगू व मराठी पद्ये पेरली. कर्नाटक संगीताच्या कृती त्यांनी कथेत जागच्या जागी बसविल्या. एकच माणूस गातो, बोलतो, नाचतो आणि सारी पात्रेही होतो, हे दृश्य तमिळ श्रोत्याला नवे होते. त्यांच्या मागे मृदंगावर असत नारायणस्वामी अप्पा, तंजावरचेच मराठी वादक. त्यांच्या हाताच्या वळणातून पुढे मृदंगाचा 'तंजावर बाज' घडला, असे जाणकार मानतात.

मागे उभ्या राहणाऱ्या गायकाविषयी थोडे अधिक सांगितले पाहिजे, कारण या व्यवसायाची खरी पाठशाळा तीच होती. तमिळमध्ये त्याच्या कामाला 'पिन्पाट्टु' म्हणतात, म्हणजे मागचे गाणे. भागवतर पदाचा चरण सोडून बोलू लागला की मागचा गायक सूर धरून ठेवी; बोलून झाले की बरोबर त्याच ठिकाणी त्याला पुन्हा स्वरात उतरवून घेई. वरकरणी काम लहान, पण चुकले तर सारी कथा लंगडी पडे. ज्याला भागवतर व्हावयाचे त्याने आधी असे मागे उभे राहावे. गुरूची सारी आख्याने रोज ऐकून पाठ होत. कोठे श्रोते हसतात, कोठे चुळबुळ करतात, हेही दिसे, आणि हे तर कोणत्याही पोथीत लिहिलेले नसते. शर्यतीच्या आवारात चाकांजवळ उभा राहणारा निवेदक कोणत्या शाळेत शिकत असेल, हे या मागच्या गायकाकडे पाहिले म्हणजे उमगते.

कृष्ण भागवतर १९०३ मध्ये वारले. तोवर 'हरिकथा' हा तमिळ देशातला मान्य व्यवसाय झाला होता. राजा नव्हता, पण मद्रासेत 'सभा' निघाल्या होत्या. श्रोत्यांनी वर्गणी भरावी, तिकीट काढावे आणि कलावंताला ठरलेली बिदागी मिळावी, अशी त्यांची व्यवस्था होती. त्यांपैकी एका जुन्या सभेच्या नावातच 'भगवत्कथाप्रसंग' हे शब्द होते. विसाव्या शतकाच्या आरंभी नुसत्या गाण्याच्या बैठकीपेक्षा कथेला गर्दी अधिक होई. हरिकेशनल्लूर मुत्तय्या भागवतर (१८७७ ते १९४५) यांच्यासारखे श्रेष्ठ वाग्गेयकारही कथा करीत. हेच मुत्तय्या भागवतर १९३९ मध्ये त्रिवेंद्रमच्या स्वाती तिरुनाळ संगीत विद्यालयाचे पहिले प्रमुख झाले. ज्या राजाला तंजावरच्या मराठी कथेकऱ्याने एकेकाळी मोहविले होते, त्याच्याच नावाचे हे विद्यालय. मांगुडी चिदंबर भागवतरांनी विनोदाला इतका वाव दिला, की काही सोवळ्या मंडळींच्या भुवया उंचावल्या. त्याने गर्दी मात्र वाढलीच.

व्यवसाय एकदा रुजला की त्याचे दार कोणाला उघडावयाचे यावर तंटा होतोच. १८९२ मध्ये जन्मलेल्या सी. सरस्वतीबाईंनी हरिकथा करावयाची ठरविली, तेव्हा ती केवळ पुरुषांची विद्या होती. तिरुवैयारूच्या कृष्णाचार्यांनी तिला शिकविले. ब्राह्मण घरातील मुलीने चारचौघांत उभे राहून कथा सांगावी, हे अनेकांना सोसले नाही. पुरुष भागवतरांनी तिला सभांतून जागा मिळू नये म्हणून खटपट केली. धर्माचे नाव पुढे होते. बिदागीचा प्रश्न त्याच्या मागे उभा होता, असे म्हटल्यास फारसा अन्याय होणार नाही. ही खटपट फसली. सरस्वतीबाई पुढे कित्येक वर्षे कथा करीत राहिल्या, १९७४ मध्ये वारल्या, आणि आज तमिळनाडूत हरिकथेच्या व्यासपीठावर स्त्रिया पुरुषांच्या बरोबरीने, किंबहुना अधिक संख्येने दिसतात.

नभोवाणी मद्रासला १९३८ मध्ये आणि तिरुचिरापल्लीला १९३९ मध्ये आली, आणि कथेकऱ्यासमोर एक नवीनच अडचण उभी राहिली. पागोटे कोणाला दिसेना, पायातील ताल दिसेना. चार तासांचे आख्यान मिनिटांत मोजून द्यावे लागे. सर्वांत मोठी अडचण म्हणजे समोर श्रोत्यांचे चेहरेच नव्हते. हसू आले की नाही, हे कळावयाचे कसे? ज्यांचे सामर्थ्य हावभावात होते ते ध्वनिक्षेपकापुढे फिके पडत. ज्यांचे सामर्थ्य शब्दात आणि स्वरात होते त्यांना घरोघरी श्रोते मिळत. दिसत नसलेल्याला दाखवावयाचे, हे जुनेच काम होते. फरक इतकाच, की आता खुद्द कथेकरीही दिसत नव्हता.

आणि मराठीचे काय झाले? तंजावरच्या मराठी घरांतून ती आजही बोलली जाते, वेगळ्या वळणाची, तमिळ शब्दांनी सजलेली. कथेतून मात्र ती जवळजवळ गेली. मराठी माणसाला याची खंत वाटणे स्वाभाविक आहे. पण ती भाषा धरून बसती, तर कृष्ण भागवतरांचा श्रोतृवर्ग किल्ल्याच्या आतल्या चार गल्ल्यांपुरताच राहिला असता, आणि ती घरे विरळ होताच कथाही विरून गेली असती. बृहदीश्वराच्या भिंतीवरील लेख जसाच्या तसा आहे. एक अक्षर बदललेले नाही, आणि तेथे येणाऱ्या शेकडो भाविकांपैकी तो वाचणारा एखादाच. चिपळ्यांना तमिळ लोक 'चिप्लाकट्टै' म्हणतात. आख्यानाच्या ओघात एक ठरावीक चाल आली की तमिळ श्रोता मान डोलावतो, आणि तिचे नाव विचारले तर 'साकी' असेच सांगतो. ते नाव कोठून आले, हे विचारण्याचे त्याला कारण पडत नाही.