वंशतंतू आणि मूळपेशी

पैनगंगेच्या दक्षिणेस पसरलेल्या आदिलाबाद जिल्ह्यात, इंद्रवेल्लीजवळ केस्लापूर नावाचे गाव आहे. पौष अमावास्येला येथे नागोबाची मोठी जत्रा भरते. गोंडांपैकी मेसराम कुळाचे लोक अनवाणी पायांनी दूर गोदावरीपर्यंत जातात, तेथील जल घेऊन परत येतात आणि त्या जलाने नागोबाला अभिषेक करतात. या जत्रेतील एक विधी विशेष लक्षात घेण्याजोगा आहे. गेल्या वर्षभरात कुळात आलेल्या सुनांना देवापुढे आणून त्यांची ओळख करून दिली जाते. तोपर्यंत त्या कुळात पूर्णपणे आल्या असे मानले जात नाही.

आदिलाबादच्या राजगोंडांविषयी ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी 1948 साली ग्रंथ प्रसिद्ध केला. राजगोंडांत चार, पाच, सहा आणि सात देवांचे असे विभाग आहेत. हा विभाग बापाकडून मुलाकडे जातो, आणि एकाच विभागात विवाह होत नाही. गोत्र आणि कुलदेवता मानणाऱ्या आपल्या समाजाला यात अपरिचित असे काय आहे? आपणही गोत्र बापाचेच सांगतो, आणि नववधूला गोमंतकातील कुलदेवतेच्या दर्शनास नेल्यावाचून लग्नकार्य पुरे झाले असे मानीत नाही. वंश पित्याचा, परंतु परगोत्रातून आलेल्या स्त्रीचा स्वीकार झाल्यावाचून तो पुढे चालत नाही, ही जाण दोन्हीकडे सारखीच आहे.

मग पिता पुत्राला देतो ते नेमके काय? हा प्रश्न आपल्या पूर्वजांनाही पडला होता. उसात रस किंवा तिळात तेल असावे तसे शुक्र सर्व देहात व्यापून असते, असे चरकसंहितेचे मत होते. सुश्रुताने गर्भधारणेस ऋतू, क्षेत्र, अंबू आणि बीज अशा चार गोष्टींची आवश्यकता सांगितली. शुक्र सर्वांगात असते हे मत पुढे टिकले नाही. परंतु बीज कितीही उत्तम असले तरी क्षेत्रावाचून ते व्यर्थ होय, हा विचार मात्र किती दूरदृष्टीचा होता, हे पुढे दिसून येईल.

1677 साली हॉलंडमधील डेल्फ्ट येथे लेवेनहूक याने आपल्या सूक्ष्मदर्शकाखाली शुक्रजंतू वळवळताना पाहिले. त्यानंतर अनेक विद्वानांची अशी समजूत झाली की, प्रत्येक जंतूत एक इवलासा मनुष्य तयारच बसलेला असतो आणि माता केवळ त्याचे पोषण करते. हा भ्रम निवळण्यास फार काळ लागला. 1841 साली कोलिकर याने दाखवून दिले की, शुक्रजंतू हे कोणी स्वतंत्र प्राणी नसून वृषणातील पेशींपासूनच घडतात. 1865 साली एनरिको सर्टोली या अवघ्या तेवीस वर्षांच्या इटालियन तरुणाने वृषणाच्या बारीक नलिकांत फांद्या फुटल्यासारख्या दिसणाऱ्या आधारपेशींचे वर्णन केले. त्या आज त्याच्याच नावाने ओळखल्या जातात.

तरीही मुख्य कोडे सुटले नव्हते. स्त्रीजवळ असणारी बीजांडे तिच्या जन्मापूर्वीच तयार झालेली असतात आणि वयाबरोबर त्यांचा साठा घटत जातो. पुरुषाच्या देहात मात्र यौवनापासून वार्धक्यापर्यंत शुक्रजंतू प्रतिदिनी कोट्यवधींनी निर्माण होत राहतात. एका शुक्रजंतूच्या घडणीस सुमारे 74 दिवस लागतात. इतका व्यय होऊनही हे भांडार रिते का होत नाही? 1950 नंतरच्या काळात माँट्रियलच्या लब्लाँ आणि क्लेर्माँ यांनी या घडणीचे टप्पे काटेकोरपणे मोजले. 1971 साली हकिन्स आणि ओकबर्ग या दोघांनी स्वतंत्रपणे एकच उत्तर मांडले. नलिकेच्या भिंतीला बिलगून काही विरळ, एकाकी पेशी असतात. अशी पेशी दुभंगली की कधी दोन्ही कन्यापेशी एकमेकींपासून सुटतात आणि मूळ स्वरूपातच राहतात. कधी त्या एका सूक्ष्म सेतूने जोडलेल्या राहतात, आणि मग दोनांच्या चार, चारांच्या आठ अशी साखळी वाढत जाऊन अखेर शुक्रजंतू बनतात. या एकाकी पेशींनाच मूळपेशी म्हणतात. वंश पुढे जातो तो साखळीतील पेशींमुळे, आणि टिकतो तो मागे राहणाऱ्या मूळपेशींमुळे.

याचा प्रत्यक्ष पुरावा 1994 साली अमेरिकेत पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या राल्फ ब्रिन्स्टर यांनी दिला. शुक्रजंतू न बनणाऱ्या उंदराच्या वृषणात त्यांनी दुसऱ्या उंदराच्या वृषणपेशी सोडल्या. त्या पेशींनी तेथे मूळ धरले, शुक्रजंतू निर्माण केले, आणि त्या वांझ उंदराला दात्याच्या वंशाची पिले झाली. 2000 साली असेही उघड झाले की, सर्टोली पेशी एक विशिष्ट प्रथिन पुरवितात आणि मूळपेशीचे भवितव्य त्यावर अवलंबून असते. ते उणे पडले तर मूळपेशी संपून जातात. अति झाले तर त्या साचून राहतात आणि पुढे सरत नाहीत. बीजालाही पुरुषाच्याच देहात क्षेत्र लागते, असे सुश्रुताच्या भाषेत म्हणता येईल.

परंतु ज्याला आपण अखंड वंशतंतू म्हणतो, तो अविकारी नाही. मूळपेशी जितक्या वेळा दुभंगते, तितक्या वेळा नक्कल करताना चूक होण्याचा संभव असतो. रक्तस्रावाच्या आनुवंशिक रोगाचा अभ्यास करून जे. बी. एस. हाल्डेन यांनी 1947 साली असे अनुमान काढले की, असे नवे बदल मातेपेक्षा पित्याकडून अधिक येतात. हेच हाल्डेन 1957 साली भारतात येऊन स्थायिक झाले, आणि 1964 साली भुवनेश्वर येथे निवर्तले. आइसलँडमधील 2012 च्या संशोधनाने त्यांचे अनुमान दृढ केले: पित्याचे वय एका वर्षाने वाढले की अपत्यात सुमारे दोन नवे बदल अधिक आढळतात.

आणखी एक गोष्ट गोत्राभिमान्यांनी अवश्य ध्यानी घ्यावी. बापाकडून केवळ मुलाकडेच जाणारे असे एक गुणसूत्र आहे. त्याला वाय म्हणतात. गोत्राची वाट आणि वायची वाट एकच. शुक्रजननास आवश्यक असलेली काही जनुके याच वाय गुणसूत्राच्या लांब भुजेवर असतात. त्यांचा एखादा भाग गळाला तर शुक्रजंतू फार कमी बनतात किंवा बनतच नाहीत. काही प्रकारांत तर नलिकांत केवळ सर्टोली पेशी उरतात, मूळपेशींचा मागमूसही राहत नाही. आदिलाबाद ज्या राज्यात आहे त्याच्या राजधानीत, हैदराबादला, 1977 साली स्थापन झालेली सेंटर फॉर सेल्युलर अँड मॉलिक्युलर बायॉलॉजी ही संस्था आहे. तेथील शास्त्रज्ञांनी 2003 साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, वीर्यात शुक्रजंतूच नसलेल्या भारतीय पुरुषांपैकी सुमारे 8.5 टक्क्यांत वायचे असे भाग गळालेले आढळले.

या ज्ञानाचे मोल प्रयोगशाळेपुरते नाही. आपल्या घरांत पाळणा हलला नाही की बोट सुनेकडे वळते. उपास, नवस, औषधे तिच्यासाठी. आणि पूर्वी सवतही तिच्याच वाट्याला येई. वस्तुतः अपत्यहीनतेच्या सुमारे निम्म्या प्रकरणांत पुरुषाकडील कारण, एकटे वा इतर कारणांसह, असते. चरकानेही बीजाच्या दोषामुळे आणि शुक्राच्या क्षयामुळे पुरुषाला येणारे अपत्यहीनत्व स्पष्ट शब्दांत वर्णिलेले आहे. म्हणजे पुरुषाकडे बोट दाखविणे हे पाश्चात्त्यांचे खूळ नव्हे. ते आपल्याच शास्त्रातले, आपणच विसरलेले वचन होय. पुरुषाची प्राथमिक तपासणी सोपी व वेदनारहित असते. तरीही ती अखेरीस होते, ही खेदाची गोष्ट आहे.

कर्करोगावरील तीव्र औषधांनी मूळपेशी नष्ट होऊ शकतात, म्हणून लहान मुलांच्या वृषणाचा अंश उपचारापूर्वी गोठवून ठेवण्याचे प्रयत्न काही देशांत चालू आहेत. अशा रीतीने जतन केलेल्या अंशापासून 2018 साली अमेरिकेत माकडाचे एक पिल्लू जन्मास आले. माणसांत हा उपचार अद्याप नित्याचा झालेला नाही. तरी आशेला जागा आहे.

नागोबापुढे उभी राहणारी सून कुळाचे ऋण घेऊन येत नाही. कुळच तिचे ऋणी असते. वंश ही पित्याच्या पेटीतील ठेव नव्हे. तो नित्य नव्याने घडतो, क्षेत्रावर विसंबतो, चुकतो आणि कधी कोणाच्याही पापावाचून खंडितही होतो. हे ज्या कुळाने ओळखले, त्याच्या देवघरात अपत्यहीन सुनेलाही मानाचे आसन मिळेल.