हौस आणि वेठ : धाराशिवच्या मैदानाचा सामाजिक इतिहास

मराठीत खेळांचा इतिहास लिहिला जातो तो बहुधा ढालींचा आणि चषकांचा. कोणता संघ कोणत्या साली जिंकला, कोणी किती गडी बाद केले, कोणाला कोणता पुरस्कार मिळाला, याची यादी म्हणजे इतिहास अशी एक समजूत प्रस्थापित झाली आहे. या यादीत कधीच न येणारे तीन प्रश्न आहेत. मैदान कोणाचे? संघ कोणाचा? आणि खेळायला लागणारा मोकळा वेळ कोणाच्या श्रमावर मिळविलेला? धाराशिव जिल्ह्याचे नाव देशभर झाले ते खो-खोने. म्हणून हे तीन प्रश्न खो-खोला आणि एकूणच हौशी खेळांच्या परंपरेला विचारून पाहणे आवश्यक आहे.

१

प्रथम ‘हौशी’ हा शब्दच तपासला पाहिजे. पैशासाठी न खेळता हौसेखातर खेळणारा तो हौशी, हा अर्थ वरवर निर्मळ वाटतो. परंतु ही कल्पना ज्या इंग्लंडातून आली, तेथे तिचा जन्मच वर्गद्वेषात झाला. १८६६ साली लंडनमध्ये स्थापन झालेल्या अ‍ॅमेच्युअर अ‍ॅथलेटिक क्लबने कारागीर आणि मजूर यांना हौशी खेळाडू मानण्याचेच नाकारले. हातांनी काम करून पोट भरणारा माणूस ‘सद्गृहस्थां’च्या शर्यतीत नको, एवढाच त्याचा अर्थ. धावण्याच्या स्पर्धांतून हे कलम १८८० मध्ये गेले. हेन्ले येथील नौकास्पर्धेत मात्र ते १९३७ पर्यंत टिकून होते. श्रम केल्याने माणूस विटाळतो, ही भावना केवळ आपल्याच देशाची मिरास नाही, हे यावरून दिसते. आपल्याकडे तिला धर्माचा आधार मिळाला आणि ती जन्माला चिकटली, हा फरक फार मोठा आहे.

या सद्गृहस्थी हौसेला सर्वांत ठाम उत्तर दिले ते आयर्लंडने. मायकेल कुसॅक या शिक्षकाच्या पुढाकाराने १ नोव्हेंबर १८८४ रोजी थर्ल्स या गावी मोजकी माणसे एकत्र आली आणि गेलिक अ‍ॅथलेटिक असोसिएशन स्थापन झाली. इंग्रजांचे खेळ इंग्रजांच्या नियमांनी खेळण्याऐवजी आपले हर्लिंग आणि आपला गेलिक फुटबॉल आपल्या नियमांनी खेळायचा, हा तिचा निर्धार. संस्था हौशीच होती आणि आजही तिचे खेळाडू मानधनावर खेळत नाहीत. पण तिने हौशीपणाचा अर्थ बदलला. सामने रविवारी ठेवले, कारण कष्टकऱ्याला सुटी असे ती रविवारीच. संघाचा पाया धरला तो पॅरिश, म्हणजे एका चर्चच्या कक्षेतील गाववस्ती. गावांच्या लढती, त्यांतून काउंटीचा म्हणजे जिल्ह्याचा संघ आणि जिल्ह्यांतून देशाचा विजेता, अशी ती उतरंड बसली. १८८७ सालची पहिली अखिल आयर्लंड फुटबॉल स्पर्धा लिमरिकच्या ‘कमर्शियल्स’ या क्लबने जिंकली. तो उभारला होता दुकानांत राबणाऱ्या नोकरांनी.

या संस्थेलाही मर्यादा होत्या. इंग्रजी खेळ खेळणाऱ्या किंवा नुसते पाहणाऱ्या सभासदाला बाहेर काढणारा तिचा नियम १९७१ पर्यंत चालू होता. तरीही एक गोष्ट निर्विवाद आहे. गावातला शेतमजूर आणि गावातला शेतकरी एकाच संघाचा सदरा घालून मैदानात उतरू शकला, कारण तेथे गाव नावाची वस्तू, निदान खेळापुरती तरी, एक होती. आपल्याकडे प्रश्न सुरू होतो तो येथेच.

२

महाराष्ट्रातही देशी खेळांना नियमबद्ध करण्याची चळवळ राष्ट्रीय भावनेतूनच उभी राहिली. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने १९१४ साली खो-खोच्या नियमांचे काम हाती घेतले. त्याच वर्षी अमरावतीला हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ सुरू झाले. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी त्याच्या पथकाने तेथे हुतुतूसह देशी खेळांची प्रात्यक्षिके केली. १९२८ साली स्थापन झालेल्या अखिल महाराष्ट्र शारीरिक शिक्षण मंडळाने या खेळांचे नियम सर्वत्र सारखे केले. हे कार्य मोठे आहे आणि त्याचे श्रेय नाकारण्याचे कारण नाही. पण हा ‘राष्ट्रीय’ खेळ ज्या जिमखान्यांत, आळ्यांत आणि आखाड्यांत वाढला, त्यांच्या दारावर कोणती पाटी नसतानाही कोणी आत यावे हे ठरलेले होते.

शहरातील मोठ्या स्पर्धांनी तर धर्मालाच संघ मानले. मुंबईच्या क्रिकेटमध्ये १९०७ पासून युरोपियन, पारशी आणि हिंदू अशी तिरंगी स्पर्धा होई. १९१२ मध्ये मुस्लिम संघ आल्यावर ती चौरंगी झाली, १९३७ मध्ये ‘इतर’ असा पाचवा संघ आला आणि १९४६ मध्ये ती बंद पडली. यातील ‘हिंदू’ संघात अस्पृश्याचे स्थान काय होते, हे पाळवणकर बाळूंच्या उदाहरणावरून कळते. चांभार कुटुंबातील हा गोलंदाज पुण्यात महिना तीन-चार रुपयांवर खेळपट्टीची मशागत करीत होता आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकीत होता. पुढे हिंदूंच्या संघाला त्याची गरज पडली. मैदानावर त्याच्या हातून सुटलेला चेंडू सर्वांना चालत होता, पण चहाच्या वेळी त्याला तंबूबाहेर वेगळ्या मातीच्या भांड्यात चहा मिळे. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्याने ११४ बळी मिळविले, तरी हिंदू संघाचे कर्णधारपद त्याच्याकडे कधीच आले नाही. ते आले त्याचा धाकटा भाऊ विठ्ठल याच्याकडे, १९२३ साली, आणि तेही बराच झगडा झाल्यानंतर.

बाळूंच्या पुढील राजकारणाशी आपले मतभेद असणे स्वाभाविक आहे. १९३७ च्या निवडणुकीत ते काँग्रेसच्या तिकिटावर बाबासाहेबांच्या विरुद्ध उभे राहिले आणि पराभूत झाले. पण त्यांच्या चरित्रातून एक सामाजिक सत्य निघते. प्रस्थापित व्यवस्था एका गुणी माणसाला स्वीकारते, त्याचा सत्कारही करते; त्याच्या वस्तीला मात्र मैदान देत नाही.

३

आता धाराशिवकडे येऊ. हा मुलूख १९४८ पर्यंत निजामी राजवटीत होता. मुंबई-पुण्यासारखे जिमखाने येथे रुजले नव्हते. येथील खेळाचे मैदान म्हणजे जत्रेतला कुस्तीचा फड. त्या फडात अस्पृश्य होता, पण हलगी वाजविणारा म्हणून. मातंगाच्या हलगीवाचून कुस्तीला रंग चढत नसे. जिंकणाऱ्याच्या डोक्यावर फेटा बांधला जाई आणि हलगीवाल्याच्या पदरात बलुत्याचे धान्य पडे. एकाच मैदानावर एकाची हौस आणि दुसऱ्याची चाकरी अशी ही वाटणी होती.

या चाकरीचे खरे नाव वेठ. महार वतनदाराने दवंडी द्यायची, गावचा सारा कचेरीत पोचवायचा, अंमलदाराच्या घोड्यापुढे धावायचे, मेलेली जनावरे ओढायची. दिवसाचा आणि रात्रीचा कोणता प्रहर त्याचा स्वतःचा, हे त्याला सांगता येत नसे. आजच्या धाराशिव जिल्ह्यातील कसबे तडवळे येथे २२ व २३ फेब्रुवारी १९४१ रोजी बाबासाहेबांच्या उपस्थितीत महार-मांग वतनदार परिषद भरली. या परिषदेकडे आपण जमिनीच्या आणि मोबदल्याच्या प्रश्नाची परिषद म्हणून पाहतो आणि ते योग्यच आहे. पण ती वेळेच्या मालकीचीही परिषद होती, असे मला म्हणावेसे वाटते. ज्याचे चोवीस तास गावाच्या मालकीचे, त्याला हौस कोठून असणार? घोड्यापुढे मैलोगणती धावणाऱ्या माणसाच्या पायांत वेग नव्हता, असे कोण म्हणेल? तो वेग कोणत्याच नोंदवहीत गेला नाही, कारण तो वेठीत खर्ची पडला.

दुसरा प्रश्न स्पर्शाचा. हुतुतू आणि खो-खो हे दोन्ही शिवण्याचे खेळ आहेत. हुतुतूत शिवल्याने प्रतिस्पर्धी बाद होतो. खो-खोत त्याहून अधिक काही घडते. दोन खांबांमध्ये आठ गडी आलटून पालटून उलट दिशांना तोंडे करून बसतात आणि नववा पाठलाग करतो. बसलेल्याला आपण होऊन उठता येत नाही. मागून येणाऱ्या सोबत्याने त्याच्या पाठीवर हात टाकावा आणि तोंडाने ‘खो’ म्हणावे, तेव्हाच तो उठतो. सोबत्याच्या स्पर्शावाचून हा खेळ पुढे सरकूच शकत नाही. ज्या गावात सावलीचाही विटाळ मानला जाई, त्या गावाचा एकसंध खो-खो संघ कसा उभा राहणार होता? या खेळाला बॅट लागत नाही, चेंडू लागत नाही, बूटही लागत नाहीत. गरिबाचा खेळ म्हणून त्याचे कौतुक होते ते याच कारणाने. पण त्याला लागणारी एकच गोष्ट, म्हणजे पाठीवरचा हात, गावाकडे नव्हती.

४

ही कोंडी फुटली ती गावाच्या उदारतेने नव्हे. ती फोडली शाळेने. राज्य पुनर्रचनेनंतर आणि १९६२ साली जिल्हा परिषदा आल्यानंतर खेड्यापाड्यांतील शाळा वाढल्या. औरंगाबादला बाबासाहेबांनी १९५० साली सुरू केलेल्या महाविद्यालयाने मराठवाड्यातील दलित तरुणांना उच्च शिक्षणाचे दार उघडून दिले होते. त्यांतले कित्येक पुढे मास्तर होऊन गावोगाव गेले. शाळेच्या पटावर सगळ्यांची नावे एकाखाली एक आली. पटावरून निवडलेला संघ गावाच्या संघासारखा नसतो. त्यात पाटलाच्या पोराला महाराच्या पोराचा ‘खो’ घ्यावाच लागतो. १९५९-६० मध्ये विजयवाड्याला खो-खोची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, पाठोपाठ महिलांच्याही स्पर्धा सुरू झाल्या आणि तालुका, जिल्हा, विभाग, राज्य ही पायरी शाळकरी मुलामुलींसाठी तयार झाली. आयर्लंडमध्ये जे काम गाववस्तीने केले, ते आपल्याकडे शाळेला करावे लागले.

म्हणून गाव बदलले असे समजण्याचे कारण नाही. १९७८ च्या नामांतराच्या दंगलीत मराठवाड्यात दलित वस्त्या जाळल्या गेल्या. दुपारी एका पाळीत बसलेली मुले रात्री कोणत्या बाजूला होती, हा प्रश्न त्या काळाच्या क्रीडा-इतिहासात कोठेही विचारलेला नाही. शाळेच्या घंटेबरोबर समता सुरू होते आणि घंटेबरोबरच संपते, हा अनुभव आपल्या अनेक शिक्षकांना असेल.

जिल्ह्याने या पायरीवरून जी उंची गाठली ती मात्र खरी आहे. सारिका काळे हे तिचे सर्वांत ठळक नाव. वडील अपंग, आई शिवणकाम करणारी, घरात कित्येक वर्षे दिवसाला एकच वेळचे जेवण, हे तिने स्वतः जाहीरपणे सांगितले आहे. प्रशिक्षक चंद्रजित जाधव यांच्या हाताखाली ती तयार झाली. २०१६ साली गुवाहाटीच्या दक्षिण आशियाई स्पर्धेत भारतीय महिला संघाची कर्णधार म्हणून तिने सुवर्णपदक आणले आणि २०२० साली तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. खो-खोला हा मान बावीस वर्षांनी मिळत होता. येथे ‘हौशी’ या शब्दाचा खोटेपणा पुन्हा उघडा पडतो. उपाशी पोटी धावणाऱ्या मुलीला हौशी म्हणणे ही भाषेची क्रूर थट्टा आहे. ती हौसेने धावत नव्हती. घराबाहेर पडण्याची वाट शोधीत होती.

आणि जिला अशी वाटही सापडत नाही, तिचे काय? शालेय स्पर्धा पावसाळ्यात तालुक्यापासून सुरू होतात आणि हिवाळ्यात राज्यापर्यंत पोचतात. उसाचा हंगाम दिवाळीच्या आगेमागे सुरू होतो. या दुष्काळी पट्ट्यातील भूमिहीन कुटुंबे त्याच वेळी कोयता घेऊन कारखान्यांच्या वाटेला लागतात, मुलांसह. तालुक्याला जिंकलेली पोरगी राज्याच्या सामन्याच्या वेळी फडावर मोळ्या बांधीत असते. तिचे नाव ‘गैरहजर’ म्हणून लागते. वतनाची वेठ कायद्याने गेली. उचलीची वेठ तिच्या जागी आली.

५

२०१४ मध्ये कबड्डीची आणि २०२२ मध्ये खो-खोची व्यावसायिक लीग सुरू झाली. खेळाडूला त्याच्या श्रमाचे मोल मिळते, हे चांगलेच आहे. कष्टकऱ्याच्या पोराने फुकट खेळावे, हा आग्रह धरण्याचा अधिकार कोणालाही नाही. पण लिलावात बोली लागते ती तयार खेळाडूवर. तो जेथे तयार होतो त्या गावातील मैदानाचे, वसतिगृहाचे आणि जेवणाचे ओझे आजही शाळेवर आणि एखाद्या तळमळीच्या शिक्षकावर आहे. शिवाय या दोन्ही लीग प्रामुख्याने पुरुषांच्या आहेत, आणि धाराशिवचे नाव मोठे केले ते मुलींनी.

तेव्हा करावयाच्या गोष्टी स्पष्ट आहेत. ऊसतोड कामगारांच्या मुलांना हंगामात गावी ठेवून घेणाऱ्या वसतिगृहांच्या मागणीत खेळाचा मुद्दा आपण घातला पाहिजे. गावचे मैदान गायरानावर असो की देवळापुढे, ते सर्वांचे असल्याचा ग्रामसभेचा ठराव मागितला पाहिजे. आणि शिक्षकांनी व विद्यार्थ्यांनी जिल्ह्याचा खरा क्रीडा-इतिहास लिहायला घेतला पाहिजे. शाळांचे जुने पट, तालुका स्पर्धांच्या गुणपत्रिका, आज साठी ओलांडलेल्या खेळाडूंच्या आणि फडात हलगी वाजविलेल्या माणसांच्या मुलाखती ही त्याची साधने आहेत. ती माणसे आहेत तोवर हे काम झाले पाहिजे. विजेत्यांच्या याद्या तयारच आहेत. संघात कोणाला बसू दिले नाही, याची यादी अजून कोणी केलेली नाही.