दिनविशेष : पीटर क्रेव्हनची शेवटची फेरी

२० सप्टेंबर १९६३. एडिनबरोच्या ओल्ड मेडोबँक मैदानावर स्पीडवेच्या सामन्यात जॉर्ज हंटर मोटरसायकलवरून पडला. मागून येणाऱ्या पीटर क्रेव्हनने त्याला चुकवण्यासाठी गाडी वळवली आणि तो थेट कुंपणावर आदळला. हंटर वाचला. क्रेव्हन चार दिवसांनी, २४ सप्टेंबरला गेला. वय २९. मँचेस्टरच्या बेल व्ह्यू संघाचा हा स्वार १९५५ आणि १९६२ साली जगज्जेता झाला होता.

या खेळात पाचशे सीसीच्या गाडीला ब्रेक नसतो. चार स्वार, चार फेऱ्या, डावीकडेच वळायचं. पोलादी तळवा लावलेला डावा पाय मातीवर टेकवत, मागचं चाक मुद्दाम घसरवत वळण काढायचं. पुढचा पडला, तर मागच्याच्या हाती राहतं ते फक्त गाडी वळवणं किंवा आडवी टाकणं. चण लहान, पण गाडीवरचा तोल असा की क्रेव्हनला ‘तोलाचा जादूगार’ म्हणत. तोच तोल त्या दिवशी त्याने दुसऱ्यासाठी पणाला लावला.

मोठ्या स्पर्धांत आता वळणावर हवा भरलेली कुंपणं असतात. ब्रेक मात्र अजूनही नाही. तो असता तर मागच्या गाड्या पुढच्यावर चढल्या असत्या, असं जाणकार सांगतात. बेल व्ह्यूने क्रेव्हनच्या नावाने स्मृतिचषक सुरू केला. ब्रिटनला पुढचा विश्वविजेता मिळायला मात्र १९७६ उजाडलं. तो पीटर कॉलिन्स, बेल व्ह्यूचाच.