सहकारी बँकांमधील वादांचे निवारण (महाराष्ट्र)

सहकारी बँकांमधील वादांचे निवारण म्हणजे दोन सहकारी बँकांमध्ये ठेवी, कर्जे, तारण मालमत्ता किंवा सभासदत्व यांवरून उद्भवणारे वाद सोडविण्याची कायदेशीर पद्धती होय. महाराष्ट्रात अशा सर्व वादांसाठी एकच न्यायमंच नाही. वाद कोणापुढे दाखल करावा हे मुख्यतः दोन बाबींवर ठरते : संबंधित बँकांची नोंदणी कोणत्या कायद्याखाली झाली आहे आणि वादाचे स्वरूप काय आहे.

पार्श्वभूमी

राज्यातील ग्रामीण सहकारी पतपुरवठ्याची रचना त्रिस्तरीय आहे. गावपातळीवर प्राथमिक कृषी पतसंस्था, जिल्हापातळीवर जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँक आणि शिखरस्थानी महाराष्ट्र राज्य सहकारी बँक असते. नागरी सहकारी बँका या रचनेबाहेर असल्या, तरी त्यांच्याही ठेवी अन्य सहकारी बँकांत असू शकतात. त्यामुळे एक बँक दुसरीची सभासद, ठेवीदार किंवा कर्जदार असते. १ मार्च १९६६ पासून बँकिंग नियमन कायदा सहकारी बँकांना लागू झाला. तेव्हापासून बँकिंग व्यवहारांवर भारतीय रिझर्व्ह बँकेचे, तर नोंदणी व सहकारविषयक बाबींवर निबंधकाचे असे दुहेरी नियंत्रण निर्माण झाले.

ठेव विमा व पत हमी महामंडळाचे संरक्षण सर्वसामान्य ठेवीदारास ५ लाख रुपयांपर्यंत मिळते. एका बँकेने दुसऱ्या बँकेत ठेवलेल्या ठेवींना मात्र ते मिळत नाही. २००१ मध्ये अहमदाबादची माधवपुरा मर्कंटाइल सहकारी बँक अडचणीत आली, तेव्हा तिच्याकडे ठेवी ठेवणाऱ्या अनेक सहकारी बँकांचा पैसा अडकला. २०१२ मध्ये तिचा परवाना रद्द झाला. अशा वेळी देणेदार बँकेविरुद्धचा दावा योग्य मंचापुढे व मुदतीत दाखल होणे हे घेणेकरी बँकेच्या स्वतःच्या ठेवीदारांच्या दृष्टीनेही महत्त्वाचे ठरते.

सहकार न्यायालय

दोन्ही बँका महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० खाली नोंदलेल्या असल्यास कलम ९१ लागू होते. संस्थेची घटना, निवडणूक, सर्वसाधारण सभा, व्यवस्थापन किंवा व्यवसाय यांच्याशी निगडित विवाद या कलमानुसार सहकार न्यायालयाकडे जातात. पक्षकारांच्या यादीत ‘दुसरी संस्था किंवा तिचा अवसायक’ यांचा समावेश आहे. न्यायालयास निर्णयापूर्वी मालमत्ता जप्त करण्याचा व अंतरिम आदेश देण्याचा अधिकार आहे. निर्णयाविरुद्ध महाराष्ट्र राज्य सहकारी अपील न्यायालयात दोन महिन्यांच्या आत अपील करता येते. कलम १६३ अन्वये अशा विवादांत दिवाणी न्यायालयास अधिकारिता नसते.

तथापि, सहकारी बँक पक्षकार आहे एवढ्यावरून प्रत्येक वाद कलम ९१ खाली येत नाही. डेक्कन मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँक विरुद्ध दलीचंद जुगराज जैन (१९६८) या खटल्यात बँकेने संपादन केलेल्या इमारतीतील भाडेकरूशी असलेला वाद बँकेच्या ‘व्यवसायाशी’ निगडित नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने दिला.

बहुराज्यीय सहकारी बँका

एकापेक्षा अधिक राज्यांत कार्य करणाऱ्या बँकांना बहुराज्यीय सहकारी संस्था अधिनियम, २००२ लागू होतो. त्याच्या कलम ८४ नुसार दोन बहुराज्यीय संस्थांमधील विवाद लवादाकडे सोपविला जातो. लवादाची नियुक्ती केंद्रीय निबंधक करतात आणि कार्यवाहीस लवाद व समेट अधिनियम, १९९६ लागू होतो. एक बँक राज्य कायद्याखाली व दुसरी बहुराज्यीय कायद्याखाली नोंदलेली असेल, तर मंच ठरविताना एक बँक दुसरीची सभासद आहे किंवा नाही हा मुद्दा महत्त्वाचा ठरतो.

तारण मालमत्तेवरील वाद

एकाच कर्जदाराची मालमत्ता दोन बँकांकडे तारण असल्यास अग्रहक्काचा प्रश्न उद्भवतो. ग्रेटर बॉम्बे को-ऑपरेटिव्ह बँक विरुद्ध युनायटेड यार्न टेक्स (२००७) या निकालानुसार सहकारी बँकांना कर्जवसुली न्यायाधिकरणाचा मार्ग बंद होता. ५ मे २०२० रोजी पांडुरंग गणपती चौगुले विरुद्ध विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँक या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ही भूमिका बदलली आणि सरफेसी कायदा, २००२ सहकारी बँकांनाही लागू असल्याचे स्पष्ट केले.

सरफेसी कायद्याच्या कलम ११ नुसार बँका, वित्तीय संस्था व मालमत्ता पुनर्रचना कंपन्या यांच्यातील थकबाकीविषयक वाद समेट किंवा लवादाने सोडवावयाचे असतात. त्यासाठी स्वतंत्र लेखी कराराची आवश्यकता नसते. बँक ऑफ इंडिया विरुद्ध श्री नांगली राईस मिल्स (२०२५) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद बंधनकारक मानली. हा वाद दोन राष्ट्रीयीकृत बँकांमधील होता. परंतु २०२० च्या निकालामुळे सहकारी बँकांनाही ही तरतूद लागू होते, असा अर्थ निघतो.

अवसायनातील बँक

राज्य कायद्याखालील बँक अवसायनात निघाल्यास तिच्याविरुद्ध किंवा अवसायकाविरुद्ध कार्यवाही करण्यापूर्वी कलम १०७ अन्वये निबंधकाची परवानगी आवश्यक असते.

रिझर्व्ह बँकेची भूमिका

रिझर्व्ह बँक दोन बँकांमधील पैशांच्या दाव्यांचा न्यायनिवाडा करीत नाही. २०२१ ची एकात्मिक लोकपाल योजना ग्राहकांच्या तक्रारींसाठी असून नियमित संस्थांमधील परस्पर वाद तिच्या कक्षेबाहेर आहेत. मात्र बँकिंग नियमन कायद्याच्या कलम ३५अ खाली रिझर्व्ह बँकेने निर्बंध घातल्यास, घेणेकरी बँकेच्या बाजूने निवाडा होऊनही प्रत्यक्ष रक्कम हाती येण्यास विलंब होऊ शकतो.