नारिंगी शंकूची वाटचाल

लग्नाची जुनी सीडी असो, पेनड्राइव्हवर कुणी दिलेले नाटक असो किंवा अर्धवट उतरलेला सिनेमा असो, संगणकावर काही उघडेनासे झाले की आपल्याकडे एकच सल्ला मिळतो: ‘व्हीएलसीत लावून बघ.’ रस्त्याच्या कामावर ठेवतात तसला नारिंगी-पांढरा शंकू हे या प्लेअरचे चिन्ह. त्याच्यामागे कंपनी नाही. ‘व्हिडिओलॅन’ नावाची फ्रान्समधली एक ना-नफा संस्था आहे, आणि तिचा उगम मुलांना गेम नीट खेळता येत नव्हते, या तक्रारीत आहे.

पॅरिसच्या दक्षिणेला शातने-मालाब्री येथे ‘एकोल सांत्राल पारी’ या नामांकित अभियांत्रिकी संस्थेचे आवार होते. तिथल्या वसतिगृहाचे नेटवर्क विद्यार्थ्यांचीच एक संघटना सांभाळत असे. नेटवर्क होते टोकन रिंग पद्धतीचे. त्यात एक ‘टोकन’ वर्तुळात फिरत राहते. ते ज्याच्याकडे येईल त्या संगणकाने बोलायचे, बाकीच्यांनी पाळी येईपर्यंत थांबायचे. ईमेलला हे चालून जाई. अनेकांनी एकाच क्षणी खेळायच्या गेमला मात्र हा खोळंबा परवडत नव्हता. मुलांनी नवे, वेगवान नेटवर्क मागितले. पैसे हवे असतील तर उद्योगांकडे जा, असे उत्तर मिळाले.

उद्योगांशी बोलताना एक कल्पना पुढे आली. त्या काळात उपग्रह वाहिन्यांचे वारे होते. प्रत्येक खोलीसाठी वेगळी डिश आणि वेगळा डिकोडर बसवण्यापेक्षा आवारात एकच मोठी डिश लावावी आणि चित्र नेटवर्कवरून खोलीखोलीत पोचवावे. त्यासाठी वेगवान नेटवर्क लागणारच होते! 1996 मध्ये काम सुरू झाले. चित्र पाठवणारा एक प्रोग्रॅम आणि ते खोलीतल्या साध्या संगणकावर दाखवणारा दुसरा, अशी जोडी मुलांनी लिहिली. 1998 च्या सुमारास सगळे नव्याने लिहायला घेतले, तेही आवाराबाहेरच्यांना वापरता येईल अशा बेताने. पुढे पाठवण्याचे कामही दाखवणाऱ्या प्रोग्रॅमनेच सामावून घेतले. शंकूही विद्यार्थ्यांचाच, नेटवर्कवाल्या मुलांनी असे शंकू गोळा करून ठेवले होते.

या जन्मकथेतच व्हीएलसीचा स्वभाव आहे. नेटवर्कवरून येणाऱ्या चित्राचे काही तुकडे वाटेत गळतात, म्हणून तुटक माहितीतूनही जमेल तेवढे दाखवत राहायचे, हे या प्रोग्रॅमला पहिल्या दिवसापासून शिकवलेले होते. अर्धवट उतरलेली किंवा बिघडलेली फाइल तो चालवतो, ती यामुळेच.

1 फेब्रुवारी 2001 ही या संस्थेच्या इतिहासातली सर्वांत महत्त्वाची तारीख, असे मी मानतो. त्या दिवशी सांत्रालच्या संचालकांनी सोर्स कोड जीपीएल या मुक्त परवान्याखाली खुला करण्यास संमती दिली. देशोदेशीचे प्रोग्रॅमर येऊन मिळाले. आपण लिहिलेल्या ओळींचा हक्क प्रत्येकाने स्वतःकडेच ठेवला. त्यामुळे प्रकल्प कुणा एकाचा राहिला नाही, आणि म्हणूनच तो कुणा एकाला विकताही येत नव्हता.

विद्यार्थी पदवी घेऊन बाहेर पडत आणि काम मागे राही. जाँ-बाप्तिस्त केम्फ हा असाच एक विद्यार्थी. त्याने मात्र काम सोडले नाही. त्याच्या पुढाकाराने व्हिडिओलॅन कॉलेजातून बाहेर पडून स्वतंत्र संस्था झाली. जुलै 2009 मध्ये आवृत्ती 1.0 आली.

खरी कसोटी मोबाइलने पाहिली. 2010 मध्ये आयपॅड आणि आयफोनसाठी व्हीएलसी आले. त्यावर रेमी देनी-कुर्मों या संस्थेतल्याच जुन्या प्रोग्रॅमरने आक्षेप घेतला. ॲप स्टोअरच्या अटी वापरणाऱ्यावर बंधने घालतात आणि जीपीएलला ती मान्य नाहीत, हा त्याचा मुद्दा होता. जानेवारी 2011 मध्ये ॲप हटले. अनेक वापरणारे त्याच्यावर चिडले. माझ्या मते त्याचे म्हणणे परवान्याच्या शब्दांना धरून होते. मार्ग एकच उरला: परवाना सैल करायचा, आणि त्यासाठी ज्याने ज्याने कोड लिहिला त्याची परवानगी मिळवायची. कुणी नोकरी बदललेली, कुणाचा पत्ता हरवलेला. शेकडो माणसांशी संपर्क साधून, काहींना शोधून काढून, 2011 आणि 2012 या दोन वर्षांत हे काम पार पडले. जुलै 2013 मध्ये व्हीएलसी आयफोनवर परतले. अँड्रॉइडवर 2012 पासून चाचणी आवृत्ती होतीच.

फेब्रुवारी 2018 च्या आवृत्ती 3.0 ने संगणक आणि मोबाइल यांना एकाच गाभ्यावर आणले. घरच्या संगणकात ठेवलेले सिनेमे वायफायवरून फोनवर पाहणे, तिथून क्रोमकास्टने टीव्हीवर पाठवणे, हे सर्रास होऊ लागले. एका डिशचे चित्र खोलीखोलीत पोचवण्याची 1996 मधली खटपट आता आपल्या घरात, खिशातल्या यंत्रावर चालते.

भारताचा संबंधही नोंदवला पाहिजे. 2022 च्या सुरुवातीला आपल्याकडे व्हिडिओलॅनचे संकेतस्थळ उघडेनासे झाले. संस्थेला ना सूचना मिळाली ना बाजू मांडण्याची संधी. इंटरनेट फ्रीडम फाउंडेशनच्या मदतीने तिने ऑक्टोबरमध्ये सरकारी खात्यांना कायदेशीर नोटीस पाठवली. नोव्हेंबरमध्ये बंदी उठली. अधिकृत दार बंद असताना लोक भलत्या ठिकाणांहून प्रोग्रॅम उतरवतात आणि त्यातून धोका वाढतोच, हा संस्थेचा युक्तिवाद मला पूर्ण पटतो.

जानेवारी 2025 मध्ये डाउनलोडचा आकडा सहा अब्जांवर गेल्याचे संस्थेने जाहीर केले. जाहिराती घुसवण्यासाठी मोठमोठ्या रकमा देऊ केल्या गेल्या होत्या. केम्फने त्या नाकारल्या. आजही व्हीएलसीत जाहिरात नाही. त्याच्या भाषांच्या यादीत मराठीही आहे, आणि ही भाषांतरे स्वयंसेवकच करतात. आपल्या फोनवरचे व्हीएलसी एकदा मराठीत लावून पाहा. जिथे शब्द अडखळत असेल, तिथे दुरुस्ती सुचवा. या संस्थेत कामाला लागण्यासाठी कुणाची शिफारस लागत नाही.