निळा पडदा : डेरेक जार्मन यांच्या ‘ब्लू’ (१९९३) मधील रंगाची प्रतीकात्मकता

दूरचित्रवाणी हे दृश्यमाध्यम होय, ही व्याख्या १९ सप्टेंबर १९९३ रोजी ब्रिटनमधील चॅनल फोर या वाहिनीनेच अडचणीत आणली. त्या रात्री डेरेक जार्मन यांच्या ‘ब्लू’ या चित्रपटाचे ७९ मिनिटे प्रक्षेपण झाले आणि संपूर्ण काळ पडद्यावर एकच, न बदलणारा निळा रंग होता. पात्र नाही, प्रसंग नाही; केवळ निवेदन, संगीत व ध्वनी. ध्वनी स्टिरिओत ऐकता यावा म्हणून बीबीसी रेडिओ ३ ने त्याच वेळी तो प्रसारित केला. १९८२ मध्ये सुरू झालेल्या या वाहिनीवर प्रयोगशीलतेचे बंधन कायद्यानेच घातलेले होते, हे येथे लक्षात घ्यावे लागते.

हा निळा जार्मन यांनी फ्रेंच चित्रकार इव्ह क्लाइन यांच्याकडून घेतला. क्लाइन यांनी १९६० मध्ये आपल्या निळ्याची रीतसर नोंद केली होती. कृत्रिम अल्ट्रामरीनची भुकटी विशिष्ट राळेत मिसळल्याने तिची झळाळी टिकते, हे त्याचे वैशिष्ट्य. दूरचित्रवाणी संचात मात्र भुकटी नसते, प्रकाश असतो. आणि प्रत्येक घरातील संचाचा निळा थोडा वेगळा. नोंदणीकृत एक रंग अशा रीतीने घरोघरी निराळा झाला.

आकाश, सागर, अनंत असा या रंगाचा अर्थ सामान्यतः लावला जातो. (मराठी वाचकाला कृष्ण किंवा आंबेडकरी चळवळीचा ध्वजही आठवेल, परंतु त्या अर्थांचा इतिहास स्वतंत्र आहे.) प्रस्तुत लेखकास हा अर्थ अपुरा वाटतो. जार्मन यांना १९८६ च्या अखेरीस एचआयव्हीचे निदान झाले होते व पुढे डोळ्यांतील संसर्गाने त्यांची दृष्टी क्षीण होत गेली. १९८७ च्या ब्रिटिश शासकीय प्रचारमोहिमेने दूरचित्रवाणीवर एड्सला थडग्याच्या दगडाचे आणि हिमनगाचे रूप दिले होते. या भीतीच्या प्रतिमांना जार्मन यांचे उत्तर दुसरी प्रतिमा हे नव्हे, तर प्रतिमेस नकार हे आहे. निवेदनात रुग्णालय आहे, औषधाच्या दुष्परिणामांची लांबलचक यादी आहे, गेलेल्या मित्रांची नावे आहेत. परंतु पाहण्यासाठी रोग्याचे शरीर प्रेक्षकाला दिलेले नाही. त्याच्या जागी निळा आहे.

१९ फेब्रुवारी १९९४ रोजी जार्मन यांचे निधन झाले. या कलाकृतीचा ध्वनिभाग रेडिओ ३ ने नंतर स्वतंत्र श्रुतिका म्हणूनही प्रसारित केला. तेथे निळा केवळ उच्चारलेल्या शब्दापुरता उरला.