इंदूर स्टेशनचे तोंड कोणीकडे?



इंदूरहून पुण्याला निघालेली गाडी आधी उत्तरेला देवास-उज्जैनकडे जाते. मग नागदा, रतलाम, बडोदा, सुरत, वसई अशी मोठी प्रदक्षिणा घालून ती कल्याणमार्गे पुण्याला पोहोचते. पुणे आपल्या दक्षिणेला आहे. तरीही दक्षिणेला जायचे तर आधी उत्तरेकडे निघावे, याची आपल्याला इतकी सवय झाली आहे की त्यात काही वावगे वाटत नाही. पण हे स्टेशन मुळात दक्षिणेच्या वाटेसाठीच जन्माला आले होते. त्याचे तोंड कसे फिरले, हा आजचा विषय.

आगगाडी येण्यापूर्वी माळव्याचा व्यापार मुंबई-आग्रा रस्त्याने, सेंधव्याचा घाट उतरून, खानदेशात जात असे. अफू आणि कापूस हे त्यातले मोठे जिन्नस. १८७० मध्ये मुंबई-जबलपूर मार्ग पूर्ण झाला आणि त्यावरचे खंडवा स्टेशन इंदूरला सर्वांत सोयीचे ठरले. पण इंदूर आणि खंडवा यांच्यामध्ये विंध्याचा कडा आणि नर्मदेचे पात्र होते.

हा अडसर दूर करण्यासाठी पैसा दिला तो दुसऱ्या तुकोजीराव होळकरांनी. त्यांनी इंग्रज सरकारला एक कोटी रुपयांचे कर्ज दिले. मुदत १०१ वर्षे, व्याज दर साल दर शेकडा साडेचार रुपये. म्हणजे वर्षाला साडेचार लाखांचे उत्पन्न झाले. शिवाय जमीन मोफत. व्यापाराकडे महाराजांचे लक्ष होतेच. रेल्वे येण्यापूर्वीच त्यांनी इंदुरात कापडगिरणीच्या कामाला हात घातला होता. सरकारलाही ही लाइन हवी होती. महूला लष्कराची मोठी छावणी होती आणि १ जुलै १८५७ रोजी इंदूरच्या रेसिडेन्सीवर झालेला हल्ला कोणी विसरले नव्हते. पुढे इंदूर-नीमच लाइनीसाठी जयाजीराव शिंद्यांनी ७५ लाख रुपये दिले. म्हणजे मध्य भारतातील या लोहमार्गामागे दोन मराठी संस्थानांचा खजिना उभा होता.

लाइनीला नाव मिळाले ‘होळकर स्टेट रेल्वे’. नाव होळकरांचे असले तरी बांधकाम आणि कारभार सरकारचा होता. लाइनीच्या जमिनीवरचे अधिकारक्षेत्रही संस्थानाकडे राहिले नाही. इंदूरच्या प्रवाशाने फलाटावर पाऊल ठेवले की तो एका परीने महाराजांच्या हद्दीबाहेर जात असे.

सर्वांत मोठा परिणाम झाला तो रुळांच्या रुंदीचा. मुंबईहून येणारी लाइन साडेपाच फुटांची, म्हणजे ब्रॉडगेज होती. १८७०च्या सुमारास लॉर्ड मेयोच्या सरकारने नव्या सरकारी लाइनी खर्च वाचवण्यासाठी एक मीटर रुंदीच्या करायचे ठरवले, आणि होळकरांची लाइन त्या धोरणात सापडली. इंदूरचे डबे मुंबईला जाऊ शकत नव्हते आणि मुंबईचे डबे इंदूरला येऊ शकत नव्हते. मालाची प्रत्येक गाठ खंडव्याला उतरवून दुसऱ्या गाडीत चढवावी लागे. आपण ज्याला ‘छोटी लाइन’ म्हणत आलो तिची कथा इथून सुरू होते.

बांधकाम मात्र लहान नव्हते. १८७४ मध्ये गाडी खंडव्याहून सनावदला आली. १८७६ मध्ये मोरटक्क्याजवळ नर्मदेवरचा पूल खुला झाला. मग चोरल नदीच्या दरीतून कालाकुंड ते पातालपाणी हा घाट चढायचा होता. तिथे चाळीस फुटांना एक फूट असा चढ आहे, म्हणून गाडीला मागून जादा इंजिन लावावे लागे. टप्प्याटप्प्याने १८७८च्या आरंभापर्यंत खंडवा ते इंदूर असा सुमारे १४० किलोमीटरचा मार्ग पूर्ण झाला.

काही काळ इंदूर हे शेवटचे स्टेशन होते. मग लाइन फतेहाबाद, रतलाम, नीमचवरून अजमेरकडे गेली आणि सगळ्याची मिळून राजपुताना-माळवा रेल्वे झाली. १८८५ मध्ये तिचा कारभार बी. बी. अँड सी. आय. कंपनीकडे गेला, आणि १९५१ मध्ये ती कंपनी पश्चिम रेल्वेत विलीन झाली. पंधरा वर्षांच्या आतच होळकरांचे नाव मागे पडले होते. शहराने मात्र स्टेशनाभोवती आपला आकार घेतला. रुळांच्या पश्चिमेला राजवाड्याचे जुने शहर, पूर्वेला तुकोगंज, छावणी आणि रेसिडेन्सी. स्टेशनाला लागून सियागंजची घाऊक पेठ. विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन-तीन दशकांत गिरण्यांचे भोंगे वाजू लागले, तेव्हा त्यांचा कापूस आणि कापड याच छोट्या लाइनीने येत-जात होते.

आपल्या वाङ्मयीन इतिहासातही या लाइनीला जागा आहे. मराठी साहित्य संमेलन इंदुरात १९१७ मध्ये गणेश जनार्दन आगाशे यांच्या आणि १९३५ मध्ये औंधच्या भवानराव पंतप्रतिनिधींच्या अध्यक्षतेखाली भरले. त्या काळी इंदूरला ब्रॉडगेज नव्हती. पुण्या-मुंबईहून आगगाडीने येणाऱ्या पाहुण्याला वाटेत उतरून, सामान हमालाच्या डोक्यावर देऊन, दुसरी गाडी धरावीच लागे. २००१ मध्ये विजया राजाध्यक्ष यांच्या अध्यक्षतेखालील संमेलन इथे झाले, तेव्हा थेट गाड्या होत्या, पण त्या दुसऱ्याच दिशेने येत होत्या.

हा बदल १९६०च्या दशकात घडला. त्या दशकाच्या सुरुवातीच्या सुमारास छोट्या लाइनीला दक्षिणेत मोठे यश मिळाले होते. खंडवा-हिंगोली जोड पूर्ण होऊन उत्तरेची आणि दक्षिणेची मीटरगेज एकमेकींना मिळाली. पुढे मीनाक्षी एक्सप्रेस जयपूरहून इंदूर, खंडवा, अकोला, वाशीम, हिंगोली, पूर्णा अशी काचीगुड्यापर्यंत धावू लागली. इंदूरचा मराठी माणूस गाडी न बदलता वऱ्हाडात, मराठवाड्यात आणि हैदराबादेत पोहोचू लागला. पण त्याच दशकात उज्जैनहून देवासमार्गे ब्रॉडगेज इंदूरला आली. डबे न बदलता मुंबई गाठता येणे ही फार मोठी सोय होती. लांबच्या गाड्या हळूहळू त्या बाजूला गेल्या आणि स्टेशनाने उत्तरेकडे तोंड केले. हे कोणी ठरवून केले नाही. ज्या दिशेने मोठे रूळ आले, ती दिशा पुढची झाली.

त्यानंतर छोटी लाइन तुकड्यातुकड्याने गेली. अकोला-पूर्णा २००८ मध्ये ब्रॉडगेज झाले. रतलामची बाजू २०१४ मध्ये बदलली. अकोला-खंडवा मार्ग मेळघाटच्या व्याघ्र प्रकल्पातून जात असल्याने तिथल्या रुंदीकरणाचा वाद झाला आणि लाइन मधोमध तुटली. ३१ जानेवारी २०२३ रोजी महू-ओंकारेश्वर रोड ही गाडी शेवटची धावली. डिसेंबर २०१८ पासून पातालपाणी-कालाकुंड या घाटात पर्यटकांसाठी हेरिटेज गाडी सुरू झाली आहे. पण जिने चार पिढ्या पोसल्या ती लाइन सहलीपुरती उरली, हेही खरे.

सप्टेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने इंदूर-मनमाड लाइनीला मंजुरी दिली. लांबी ३०९ किलोमीटर, खर्च १८,०३६ कोटी रुपये, नवी स्टेशने ३०. धार, खरगोन, बडवानी, धुळे, नाशिक या जिल्ह्यांतून ती जाईल. म्हणजे पुन्हा आग्रा रोडचीच वाट. ही लाइन झाली की दक्षिणेचा दरवाजा उघडेल. पण मनमाडची वाट खंडव्याची जागा घेणार नाही. बडवाह, सनावद, खंडवा, बऱ्हाणपूर इथली आपली नातीगोती जुन्या लाइनीवरची आहेत. म्हणून घाटातल्या रुंदीकरणाचे काम पूर्ण होणे आपल्यासाठी तितकेच महत्त्वाचे आहे. एका लाइनीच्या आनंदात दुसरीची मागणी सोडू नये. पैसा आपला आणि निर्णय दुसऱ्याचा, असे झाले की काय होते हे आपण दीडशे वर्षे पाहिले आहे.

शेवटी एक विनंती. या लाइनीवर नोकरी केलेल्यांची, खंडव्याला गाडी बदलून या शहरात सून म्हणून आलेल्यांची कुटुंबे या सभागृहात बसली आहेत. जुने पास, बदलीचे हुकूम, तिकिटे, फलाटावरचे फोटो, प्रवासाची पत्रे घरात असतील तर रद्दीत देऊ नका. ती सभेच्या ग्रंथालयाकडे द्या. सरकारी दप्तरात किती टन कापूस गेला हे सापडेल. कोणाची माणसे कुठून आणि कशी आली, हे मात्र तुमच्याच कपाटात आहे.